चित्रातला जास्तीचा डोंगर

आहागोन पेचिन यांना तीन नावं होती आणि तिन्ही खरी होती. आईने पाळण्यात ठेवलेलं सानरू, ते घरात आणि गल्लीत चालायचं. जपानी वळणाचं आहागोन, ते पेचिन या हुद्द्यासकट कचेरीत. आणि चिनी वळणाचं यो बुनरेई, ते चीनला जाणाऱ्या कागदांवर. यात विशेष काही नाही, आमच्या राजधानीतल्या, शुरीतल्या, कुठल्याही बऱ्या घरातल्या पुरुषाला तीन नावं असतातच. आमचा रियुक्यूचा राजा दोन धन्यांचा चाकर. चीनचा बादशहा मुकुट पाठवतो, म्हणून त्याच्यापुढे आम्ही गुडघे टेकतो. सात्सुमाच्या जपानी सरदाराने कधीकाळी तलवार दाखवली, म्हणून त्याला खंडणी देतो. आणि या दुसऱ्या धन्याचा पहिल्याला पत्ता लागू द्यायचा नाही, एवढंच आमचं राज्यशास्त्र. इतका व्याप सांभाळायचा तर माणसाचं एका नावात भागत नाही.

चोपन्न वर्षांच्या आयुष्यात आहागोन सरळ काही बोलल्याचं कोणाला आठवत नाही. बाहेर पाऊस आहे का, असं विचारलं तर ते आधी विचारणाऱ्याचा हुद्दा बघायचे आणि मग म्हणायचे, ‘तसं मत दिसतं बऱ्याच जणांचं.’ माणूस वाईट नव्हता. तीस वर्षं राजाच्या कारखान्यात लाखेच्या तबकांवर फुलं काढून काढून त्यांना एक गोष्ट कळली होती, की तबक कोणाच्या हातात जाणार हे ठरल्याशिवाय फुलाचा रंग ठरत नाही.

तरुणपणी ते खंडणीच्या जहाजावरून चीनमधल्या फूचौला गेले होते आणि तिथे तीन वर्षं राहून चित्रकला शिकले होते. तिथल्या गुरूंनी त्यांना बरंच शिकवलं, पण त्यांच्या कामी आलं ते धुकं. जे काढता येत नाही किंवा काढू नये, तिथे कागद कोरा सोडायचा आणि त्याला धुकं म्हणायचं. ही विद्या त्यांनी कागदापेक्षा कचेरीत जास्त वापरली, आणि म्हणूनच तीस वर्षांत चार वरिष्ठ हद्दपार झाले तरी आहागोन आपल्या जागी राहिले.

तर त्या वर्षी मुकुटाची जहाजं यायची होती. राजाच्या कारकिर्दीत ती एकदाच येतात. बादशहाचे दूत, त्यांची पाच-सहाशे माणसं, मुकुट, फर्मान, आणि सहा महिने खायला घालायचं. ती येणार म्हटल्यावर शुरीत आणि नाहा बंदरात लपवालपवी सुरू झाली. सात्सुमाचे अंमलदार उत्तरेच्या एका खेड्यात जाऊन राहणार, जपानी पुस्तकं जमिनीत जाणार, जपानी गाणी घशात राहणार. आणि एवढं करूनही एखादी जपानी वस्तू चिनी माणसाच्या नजरेला पडलीच, तर सगळ्यांनी एकच उत्तर द्यायचं: ही तोकारा बेटावरून आली. तोकारा म्हणजे उत्तरेकडे पडलेले चार खडक, तिथे धड रताळी पिकत नाहीत. पण सरकारी उत्तराप्रमाणे तिथे पंखे होत, सुऱ्या होत, कागद, छत्र्या, किटल्या, सगळं होत असे.

या उत्तराची गल्लोगल्ली तालीम घेतली जायची. आहागोनांच्या आळीचा मुकादम दारोदार फिरून एकेक वस्तू हातात धरायचा आणि घरच्या माणसांना विचारायचा. आहागोनांची बायको माकातु त्या तालमीत तीनदा नापास झाली.

मुकादमाने किटली उचलून विचारलं, “ही कुठली?”

“सासूबाईंची,” माकातु म्हणाली.

“अहो, चिनी साहेबाने विचारलं तर काय सांगाल?”

“सासूबाईंचीच. त्यांनी मागितली तरी देणार नाही.”

मुकादमाने आहागोनांकडे पाहिलं. आहागोनांनी किटलीकडे पाहिलं आणि तिच्या जुनेपणाविषयी दोन शब्द बोलून वेळ मारून नेली.

शुरीच्या दक्षिणेला शिकिना नावाची टेकडी आहे. तिच्यावर राजाची नवी बाग नुकतीच पुरी झाली होती. दूतांचा पाहुणचार तिथेच व्हायचा होता. तळं जपानी धर्तीचं, तळ्यातल्या बेटावरचं सहा कोनांचं घर चिनी धर्तीचं, वाडा आमच्या लाल कौलांचा. म्हणजे कोणीही पाहुणा आला तरी त्याला आपल्यासाठीच बांधलीय असं वाटावं, आणि दुसऱ्यासाठी बांधलेला भाग दाखवताना रस्ता जरा वळवावा. पण बागेच्या कामाचे प्रमुख माएहिरा वेकाता यांना खरा अभिमान होता तो दक्षिणेच्या टोकाला बांधलेल्या ओट्याचा. वेकाता म्हणजे मोठा हुद्दा, जांभळी टोपी, आणि जांभळ्या टोपीखालचा माणूस उगाच अभिमान धरत नाही. त्या ओट्यावरून समुद्र दिसत नाही.

आमच्या बेटावर समुद्र न दिसणारी जागा शोधणं म्हणजे काय, ते इथल्या माणसालाच कळेल. परसात लंगोट वाळत घालायला गेलं तरी समुद्र दिसतो. माएहिरांनी तीन वर्षं टेकड्या तुडवल्या, स्वतः ओणवे होऊन, उकिडवे बसून, टाचा उंचावून पाहिलं, तेव्हा कुठे ही जागा सापडली. तिथून नुसती शेतं आणि टेकाडं दिसतात, आणि त्यामागे आणखी टेकाडं असावीत असं वाटतं. दूतांना तिथे उभं करायचं आणि म्हणायचं, आमचं राज्य हे असं, नजर जाईल तिकडे जमीन.

एके सकाळी माएहिरांनी आहागोनांना त्या ओट्यावर बोलावलं आणि बागेचं चित्र काढायला सांगितलं. मोठं चित्र, दोन हात रुंद, रेशमावर. ते दूतांना भेट द्यायचं, दूत ते पेकिंगला नेणार, आणि बादशहा बघणार. बागेच्या मागे हीच दक्षिण दिशा घ्यायची. समुद्र काढायचा नाही, होडी काढायची नाही, समुद्रपक्षी काढायचा नाही. उडणारं काही हवंच असेल तर चिमणी चालेल.

“चित्रात समुद्र दिसला,” माएहिरा म्हणाले, “तर चित्रकाराला समुद्रापलीकडे जावं लागेल.”

समुद्रापलीकडे म्हणजे याएयामाच्या बेटांवर. तिथे हद्दपार झालेली माणसं हिवतापाने मरतात, निदान कागदोपत्री तरी हिवतापाने. आहागोन कमरेत वाकून ‘समजलं’ म्हणाले.

घरी येऊन त्यांनी माकातुला बातमी दिली. तीस वर्षं तबकांवर फुलं, आणि आता बादशहाच्या डोळ्यांसमोर आपलं चित्र. तिने आनंद दाखवावा एवढीच त्यांची अपेक्षा होती. ती रताळी सोलत होती. ती सोलतच राहिली.

त्यांचा एकुलता एक मुलगा कामिजू पाच वर्षांपूर्वी खंडणीच्या जहाजावर कारकून म्हणून गेला होता. कामिजू म्हणजे कासव. कासवासारखं लांबलचक आयुष्य मिळावं म्हणून ठेवलेलं नाव. जहाज निघालं की घरातल्या बायका टेकडीवर जाऊन पाइनच्या वाळक्या काड्या जाळतात, धूर जहाजावरून दिसतो. इतर बायका बंदराजवळच्या टेकाडावर जमल्या. माकातु गर्दीला कंटाळून एकटी शिकिनाला गेली. तेव्हा तिथे बाग नव्हती, नुसतं गवत होतं. पश्चिमेच्या कडेला दोन टेकाडांमधे एक खिंड आहे, तिच्यात नखाएवढा समुद्र दिसतो. शीड त्या नखातून एका बाजूने आत आलं आणि दुसऱ्या बाजूने गेलं. ते जहाज फूचौला पोचलंच नाही. बातमी यायला दीड वर्ष लागलं. तोवर आणि त्यानंतरही माकातु दर वर्षी त्या दिवशी तिथे जायची आणि काड्या जाळायची. मग राजाची बाग आली, तिला भिंत आली, भिंतीला पहारा आला. दोन वर्षं तिचं जाणं बंद होतं.

“समुद्र काय, न्हाणीच्या भिंतीवर चढलं तरी दिसतो,” ती म्हणाली. “मला तो खिंडीतला हवाय. आयुष्यभर तुम्ही दुसऱ्यांच्या तबकांवर फुलं काढलीत. मी स्वतःसाठी कधी काही मागितलं नाही. एवढं नखाएवढं काढा.”

“माकातु, ते चित्र बादशहा बघणार.”

“बघू दे. मला कुठे बघायला मिळणार आहे? पण आहे, एवढं तरी मला माहीत असेल.”

आहागोनांनी ‘बघू’ म्हटलं. तिला त्यांचं ‘बघू’ तीस वर्षं माहीत होतं, म्हणून तिने मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं, आणि त्या नजरेपुढे धुकं चालेना. ‘काढतो,’ असं ते शेवटी म्हणाले.

बागेच्या फाटकापाशी माएहिरांनी दिलेला पास दाखवून ते रोज आत जायचे. उन्हाळाभर ते राबले. तळं काढलं, प्रवाळाच्या दगडाचे दोन कमानी पूल काढले, आलुबुखाराची झाडं काढली, लाल कौलं एकेक काढली. आणि उजवीकडे वरच्या कोपऱ्यात, दोन टेकाडांच्या मधे, करंगळीच्या नखाएवढं निळं भरलं. त्या निळ्यासाठी त्यांनी आठ दिवस घातले. तबकांवर वापरतात तो दगडी निळा फार चकचकीत, तो खोटा वाटायचा. शेवटी लग्न झालेल्या बायका हातांवर गोंदवून घेतात तसा, माकातुच्या बोटांवर होता तसा, जरा विटका निळा जमला.

मग तपासण्या सुरू झाल्या. आमच्याकडे चित्र काढणं सोपं, ते पास होणं कठीण. आहागोनांनी बागेच्या मागे सवयीप्रमाणे मोठ्ठं धुकं सोडलं होतं. तपासणी मंडळाने त्याच्यावरच बोट ठेवलं.

“धुक्याच्या मागे काय आहे?” एकाने विचारलं.

“काही नाही, साहेब.”

“आपल्या बेटावर काही नाही म्हणजेच समुद्र,” दुसरा म्हणाला, आणि सगळ्यांनी माना डोलावल्या. धुकं संशयास्पद ठरलं. त्या जागी डोंगर घालावेत असा हुकूम झाला. रियुक्यूत डोंगर नाहीत. ज्याला आम्ही डोंगर म्हणतो त्याच्यावर म्हातारी बाई दुपारच्या जेवणाआधी जाऊन येते. पण आहागोनांनी फूचौला खरे डोंगर पाहिले होते, तेव्हा त्यांनी सात डोंगर काढले, एकामागे एक, कड्यांसकट. मंडळ ते बघून इतकं खूश झालं की एका सभासदाने त्यातल्या तिसऱ्या डोंगराखाली आपलं गाव आहे असं सांगून टाकलं.

निळं मात्र माएहिरांच्या नजरेतून सुटलं नाही. त्यांनी वाकून विचारलं, हे काय आहे. याएयामा आहागोनांना त्या निळ्यातून स्पष्ट दिसलं.

“शेतं आहेत साहेब. फार लांबची. गुरू सांगायचे, जमीन फार लांब गेली की निळी दिसते.”

माएहिरा सरळ झाले. आपल्या राज्यातली जमीन निळी पडावी इतकी लांब जाते, हा विचार त्यांना आधी कधी सुचला नव्हता आणि आता सुचल्यावर सोडवेना. ते निळं अजून मोठं करता येईल का, असंही त्यांनी विचारलं. अतिशयोक्ती होईल, असं आहागोनांनी नम्रपणे सांगितलं.

शेवटची तपासणी सामेजिमांची. हे सात्सुमाचे अंमलदार, पन्नाशीचे, एरवी डरकाळी फोडल्याशिवाय पाणी न मागणारे. दुसऱ्या दिवशी ते खेड्यात लपायला जाणार होते, म्हणून दाढी वाढलेली, कमरेला तलवार नाही. चित्रापुढे ते उगीच इकडून तिकडे फिरले. मग हळूच म्हणाले की तळ्याकाठी एक पाइनचं झाड काढा, फांद्या तोडून वळवलेलं, आमच्याकडे असतं तसं. उद्यापासून सहा महिने आम्ही या बेटावर नसणार, निदान झाडाच्या रूपाने पेकिंगला तरी जाऊन येऊ. आहागोनांना त्यांची खरोखरच दया आली. त्यांनी पाइन काढला.

जहाजं आली. दूत वाजतगाजत उतरले, मेजवान्या झाल्या, डुकराचं मटण आणि तांदळाची दारू वाहिली. एका स्वच्छ दिवशी त्यांना बागेत आणलं, ओट्यावर उभं केलं, शेतं दाखवली. दूतांनी मोठी भूमी, सुपीक भूमी, असे ठरलेले शब्द काढले. मग सहा कोनी घरात चित्र उलगडलं. दूतांनी दाढी कुरवाळली आणि पुढच्या खोलीत जेवायला गेले. मागे राहिला त्यांचा सचिव शेन. प्रवासाची रोजनिशी लिहिणं आणि बादशहाकडे जायचा अहवाल तयार करणं हे त्याचं काम. चाळिशीचा, कृश, आल्यापासून ज्याला धड जेवण गेलं नव्हतं असा माणूस.

शेन निघाला फूचौचा. आहागोनांना तिथली बोली येत होती. माएहिरांना ओ की ठो कळत नव्हतं. ते शेजारी हसऱ्या चेहऱ्याने उभे राहिले.

शेनने वाकून वरच्या कोपऱ्यात बोट टेकवलं. “हा समुद्र आहे.”

“लांबची शेतं आहेत,” आहागोन म्हणाले.

“यो साहेब, आठ दिवस मी यात ओकलोय. याचा रंग मला नका सांगू.”

माएहिरांनी विचारलं, काय म्हणतायत. रंगाचं कौतुक करतायत, असं आहागोनांनी सांगितलं. माएहिरा शेनकडे बघून वाकले. शेनही वाकला आणि त्याच आवाजात बोलत राहिला.

“हे बेट आहे. लहान आहे. कुठल्याशा खेड्यात तुमचे ते दुसरे पाहुणे डास मारत बसलेत. हा पाइन कुठला, असं मी मघाशी चित्र उलगडताना विचारलं, तर तोकाराचा म्हणाले. माझ्या खोलीतला पंखा तोकाराचा, सुरी तोकाराची, झाडणी तोकाराची. परतताना दोन दिवस तोकाराला काढावेत असं आता मला वाटायला लागलंय. आम्ही होडीतून आलो हो. तुम्हाला काय वाटलं, चालत आलो?”

आपण आता याएयामाला जाणार, आणि माकातुला हे कोण सांगणार, एवढंच आहागोनांच्या डोक्यात होतं.

“पण ते तुमच्यात आणि माझ्यात,” शेन म्हणाला. “मला अहवाल लिहायचाय. दोन जहाजं, पाचशे माणसं, एवढा खर्च करून बादशहांनी एका मोठ्या राज्याला मुकुट पाठवला. राजाच्या बागेतूनच जर समुद्र दिसायला लागला, तर दूतसाहेब कशासाठी आले होते, असं कोणीतरी विचारील. मोठ्या राज्यात जाऊन आलेल्याला बढती मिळते. खडकावर जाऊन आलेल्याला हसतात. तेव्हा इथे एक डोंगर घाला. बाकीचे सात छान आहेत, असाच एक.”

बोट त्याने निळ्यावरच ठेवलं होतं. माएहिरांनी पुन्हा विचारलं, आता काय म्हणतायत.

“एक डोंगर जास्त हवा म्हणतायत,” आहागोन म्हणाले.

माएहिरांचा चेहरा उजळला. चीनचा माणूस आपल्याकडे डोंगर मागतोय, याहून मोठा मान त्यांच्या घराण्याला मिळाला नव्हता. दोन घाला, असं ते म्हणाले.

संध्याकाळपर्यंत मुदत होती. आहागोनांना तिथेच चित्रापुढे बसवून सगळे तळ्यावर नौकाविहाराला गेले. समुद्राचा विषय टाळण्यासाठी बांधलेल्या बागेत नौकाविहार होता, पण ते असो. आहागोनांनी शाई उगाळली. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी ‘नाही’ हा शब्द तोंडात घोळवून पाहिला. नुसता पाहिला. समुद्र लपवणाऱ्यांना तो नको होता, हे ते समजू शकत होते. पण ज्याने ओळखला, ज्याला खरं काय ते पुरतं ठाऊक होतं, त्यालाही तो नकोच होता. फसवणारे आणि फसणारे दोघे एकाच पंगतीला बसलेत आणि आपण दोघांना वाढतोय, हे त्यांना त्या दुपारी लख्ख दिसलं, आणि स्वतःची लाज वाटली. कामिजू त्या नखातून दुसऱ्यांदा जाणार होता, आणि या वेळी त्याला झाकणारा हात बापाचा होता.

त्यांनी डोंगर काढला, दोनांऐवजी एकच. उंच काढला, बाकीच्या सातांपेक्षा उंच. तो वाळला तेव्हा बशीत थोडा विटका निळा उरला होता. आहागोनांनी सगळ्यात बारीक कुंचला घेतला.

संध्याकाळी माएहिरांनी तपासलं. डोंगराच्या अगदी माथ्यावर तांदळाएवढी एक बाई होती, पाठमोरी.

“ही कोण?”

“शेतकरीण, साहेब. पलीकडची समृद्धी बघतेय.”

“पाठ का केलीय?”

“बादशहांसमोर तोंड वर करणं बरं दिसणार नाही म्हणून.”

हे उत्तर माएहिरांना इतकं पटलं की तळ्याकाठच्या बाकीच्या आकृत्याही पाठमोऱ्या कराव्यात का, याचा त्यांनी विचार केला. शेनने चित्र दिव्याजवळ नेलं. बाईच्या दोन्ही हातांच्या जागी दोन निळे ठिपके होते. त्याने ते पाहिले, आहागोनांकडे पाहिलं, आणि चित्र स्वतःच्या हाताने गुंडाळलं. खाली सही यो बुनरेई यांची, साल बादशहाचं. अहवालात त्याने लिहिलं की या राज्यात आठ मोठे डोंगर असून आठव्यावरची प्रजा बादशहांच्या कृपेने सुखी आहे.

आहागोन घरी गेले तेव्हा माकातु अंगणात रताळी सोलत होती. तिने सुरी थांबवली नाही.

“राहिला का?”

धुकं तयार होतं, नेहमीसारखं जिभेवर होतं. एवढी वर्षं त्याने कधी दगा दिला नव्हता.

“नाही,” आहागोन म्हणाले. “त्याच्यावर डोंगर घातला. मीच घातला.”

माकातुचा हात थांबला. आहागोनांनी मग सगळं सांगितलं, शेनचं बोट, माएहिरांचं हसणं, बशीत उरलेला रंग, डोंगरावरची बाई. सांगताना ते कुठे वळले नाहीत, थांबलेही नाहीत. माकातुने आपल्या हातांकडे पाहिलं, बोटांवरच्या निळ्या गोंदणाकडे.

“उंच आहे का डोंगर?”

“आपल्या बेटावर नाही एवढा.”

“मग लांबपर्यंत दिसत असेल तिला.”

“दिसतं.”

ती पुन्हा रताळी सोलायला लागली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते तिने पुसलं नाही, हात मातीचे होते.

“माझे गुडघे हे असे,” थोड्या वेळाने ती म्हणाली. “एवढ्या उंच ही बाई चढली कशी, ते कोणी विचारलं नाही?”

“कोणी नाही.”

“विचारलं तर सांगा,” माकातु म्हणाली, “तोकाराहून आली म्हणून.”